जावक क्रमांक ४१२-अ

दि. ९ ऑगस्ट

ती. ताईस,

धाकट्याचा नमस्कार. इकडे आम्ही ठीक. आईचा गुडघा आता तिला जिना चढू देतो. तू आणि भावोजी कसे आहात हे विचारायला जीभ रेटत नाही, तरी विचारतो.

फोन केला नाही, कारण हल्ली विद्यापीठात आमच्या आवक-जावक विभागात भिंतींना कान फुटलेत. माझं टेबल कुलसचिवांच्या काचेसमोर आणून ठेवलंय. कपाटाला नवं कुलूप बसलं, किल्ली माझ्याकडे नाही. मी पाणी प्यायला उठलो तरी शिपाई पाठोपाठ उठतो. "तहान मलाही लागते, साहेब," म्हणतो. लागत असेल. हे पत्रसुद्धा मी दोन थांबे पुढच्या पोस्टातून रजिस्टर करणार आहे.

तुझ्या अवमान याचिकेची तारीख पुढच्या मंगळवारी. न्यायालयाने तुला साठ दिवसांत ग्रंथालयात परत घ्या म्हणून बजावलं होतं. विद्यापीठ शपथेवर सांगतंय, रुजू होण्याचं पत्र मुदतीतच पाठवलं, बाईच आल्या नाहीत. पुरावा म्हणून जावक नोंदवहीचं पान जोडलंय. ते तू पाहिलंस.

आणि ते पाहूनच भावोजींना विचारलंस ना, पत्र कुठे दडवलं म्हणून? आई सांगत होती, तू त्यांचं कपाट, बॅग, अगदी गाडीची डिकीसुद्धा उपसलीस. तू नोकरी करावी हे त्यांच्या मनात कधीच नव्हतं, तेव्हा संशयाला जागा होतीच. त्या दिवशी तू मला विचारलंस, "तुझ्याच हातून गेलं ना रे पत्र? मग घरात कोणी गिळलं?" मी म्हणालो, "जावक तर झालंय." आणि चहाचा कप विसळायला आत गेलो.

भावोजी तीन आठवड्यांपासून त्यांच्या भावाकडे राहतायत, हे मला परवा कळलं.

ताई, त्या पानावर ४१२ आणि ४१३ यांच्या मध्ये ४१२-अ आहे. अक्षर माझं. मुदत संपल्यावर एकोणीस दिवसांनी लिहिलेलं. कुलसचिव खुर्चीमागे उभे होते. "एक ओळ तर लिहायचीय. बहीण तुझीच आहे, सवडीने घेऊ तिला." 'साध्या टपालाने' हे शब्दही त्यांचेच, म्हणजे कोणी पावती मागायला नको. मला कायम करण्याची फाईल त्यांच्याकडे होती. त्यानंतरच्या सोमवारी ती सही होऊन आली.

पत्र निघालंच नव्हतं. भावोजींनी काहीही दडवलेलं नाही.

काल तुझ्या वकीलबाईंकडे जाऊन हे सगळं शपथपत्रावर लिहून दिलं. त्यांचा विश्वास बसेना. "कोणी पढवून पाठवलं?" असं दोनदा विचारलं. मग म्हणाल्या, "नोकरी जाईल. खोटी नोंद केली म्हणून खटलाही होईल." मी सही केली. फक्त एवढंच मागितलं, की तुला आधी माझ्याकडून कळू दे.

मंगळवारी मला साक्षीला उभं करतील. माझ्याकडे पाहिलं नाहीस तरी चालेल. पण त्याआधी भावोजींना घरी आण. मीच जाणार होतो. काल त्यांच्या भावाच्या दारापर्यंत गेलो, आतून त्यांचं खोकणं ऐकलं आणि बेल न वाजवता परत फिरलो.

तू हात धरून ज्याला लिहायला शिकवलंस,
तो