तुझ्या माशाचा वास

आई, मी समुद्रावर जाऊन आलो. तू गेली होतीस त्याच अंगाला, मालवणच्या अलीकडं, होडीत बसून. माझ्या मनानं नाही गेलो, लेकीनं नेलं. ती आता रांजणगावच्या कंपनीत क्वालिटीला आहे, म्हणजे तिथंही तपासणीचंच काम, घराण्याचा रोग तिच्यात उतरला म्हणायचा. तिनं मोबाइलवरच सगळं ठरवून टाकलं, राहायची खोली, होडी, डॉल्फिन दाखवणारी गाईड. मी म्हटलं, ज्याचं तोंड बघितलं नाही त्याच्या भरवशावर समुद्रात जायचं व्हय? ती म्हणाली, "बाबा, तुम्हाला सगळेच चोर दिसतात." खोटं कशाला बोलू, दिसतात. सत्तावीस वर्षं न्हावऱ्यात डेअरीवर दूध तपासतोय. सकाळी पहिली गाडी कॅन घेऊन येते तेव्हापासून समोरचा प्रत्येक माणूस मला पाणी घालूनच आलेला वाटतो, मशीन नाही म्हणेपर्यंत. तुला जाऊन चौदा वर्षं झाली, तरी हा स्वभाव काही सुटला नाही.

त्या स्वभावाचा पहिला दणका तुलाच बसला, हे मी कधी तुझ्याशी बोललो नाही. मला डेअरीवर लागून दोन महिने झाले होते. तू बचत गटाच्या बायकांबरोबर कोकणात गेली होतीस, चार दिवस. तात्या घरात धुसफुसत होते, भाकरी कोण थापणार म्हणून, आणि मीही त्यांच्याच बाजूनं तोंड वाकडं करून हिंडत होतो. तू आलीस त्याच दिवशी संध्याकाळचं दूध घेऊन डेअरीच्या ओट्यावर आलीस. अजून डोळ्यांपुढं आहे ते. नवं लुगडं, उन्हानं रापलेलं तोंड, हातात किटली, आणि रांगेतली सगळी माणसं विचारतायत, काय म्हणतंय कोकण. तू किटली खाली ठेवलीस आणि म्हणालीस, "लई मोठा मासा बघितला म्या. होडीच्या कडंला वर आला. काळी पाठ, बांधासारखी लांबच लांब. फूऽस करून श्वास सोडला त्यानं आन् परत आत गेला."

आपल्या आळीतले आप्पा रांगेत पुढंच होते. ते म्हणाले, "मंग बाकीच्या बायांनी न्हाई बघितला?" तू म्हणालीस, "त्या ओकत व्हत्या की. एक तर डोळं मिटून देवीचं नाव घेत व्हती. म्या आन् होडीवाल्यानं बघितला." इथं पहिला हशा झाला. तुला वाटलं, गोष्ट रंगतेय म्हणून हसले. तू आणखी खुलून सांगायला लागलीस, "आन् वास काय सुटला म्हणून सांगू. सडका कोबी आन् सुकट एका पाटीत घातल्यावानी. म्या पदर लावला नाकाला." मग तर माणसं पोट धरून हसली. माशाच्या तोंडाला वास येतो म्हणे. मला लाज वाटली. माझ्या नोकरीच्या जागी, माझ्या माणसांपुढं, माझी आई थापा मारते. मग मी तुझ्यावर माझ्या धंद्यातली युक्ती चालवली.

ती युक्ती तुला तेव्हा माहीत नव्हती. एखाद्याचा संशय आला की आम्ही त्याला पाणी घातलं का असं विचारत नाही. सहज विचारतो, "आज इहिरीचं घातलं का बोरचं?" घातलेलं असलं की माणूस गडबडतो, "बोरचं" म्हणतो आणि जीभ चावतो. न घातलेला उखडतो. तसंच मी तुला विचारलं, "आई, त्या माशाचं कान म्हशीवानी व्हतं का हत्तीवानी?" तू माझ्याकडं बघितलंस. इतक्या माणसांत निदान लेक तरी मनावर घेऊन विचारतोय, असं तुला वाटलं असणार, कारण तू डोळे बारीक करून आठवायला लागलीस. आणि म्हणालीस, "म्हशीवानी असतील बघ." माशाला कान. ओट्यावर जे काही हसणं झालं त्यात सगळ्यात मोठा आवाज माझा होता.

पुढचं तुला माहीत आहे. आळीत कुणी थाप मारली की लोक म्हणायला लागले, "सोडला का मासा?" लग्नाकार्यात, निवडणुकीच्या बैठकीत, पार वडगाव रासाईपर्यंत गेलं ते. ज्या पोरांनी तुला बघितलंही नाही ती आज हे बोलतात. तू डेअरीवर यायचं बंद केलंस, दूध तात्या आणायला लागले. ओट्यावर हसं झालं त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी चुलीपाशी चहा प्यायला बसलो होतो. तू भाकरी थापत होतीस. वर न बघता एवढंच म्हणालीस, "मला कशाला घातलंस तुझ्या मशिनीत?" रागानं नाही म्हणालीस. रागानं म्हणाली असतीस तर मी भांडलो असतो आणि कदाचित तिथंच मिटलं असतं. मी चहा संपवला आणि कामावर गेलो.

तर होडी. पहाटे निघालो. गाईड म्हणून एक तिशीतली बाई होती, डोक्याला टोपी, गळ्यात दुर्बीण, हातात वही. कोळ्याच्या घरातली, तिचाच भाऊ होडी चालवत होता. मला हे पहिल्यांदा खटकलं, दाखवणारी बहीण आणि नेणारा भाऊ, म्हणजे आपापसातलंच काम. तिनं सगळ्यांना लाइफ जॅकेट घालायला लावली आणि सांगितलं की दिसेलच अशी हमी नाही, आपण त्यांच्या घरात चाललोय, पाठलाग करायचा नाही, आरडाओरडा करायचा नाही. मी मनात म्हटलं, हमी नाही हे आधीच सांगून मोकळी झाली, पक्की आहे. पाऊण तास नुसतं पाणी. मग तिनं हात केला, "उजवीकडं, लांब." आमच्यासोबत एक कुटुंब होतं, ते लगेच "दिसला, दिसला" करायला लागलं. मी नीट बघितलं, तिथं लाटेशिवाय काही नव्हतं. पुढं एक काळं वर आलं, ते जाळ्याला बांधलेलं पिंप निघालं. मला तर वाटलं, ट्यूब बांधून ओढत असतील पाण्याखालून, सांगता येत नाही. लेकीला तसं बोललो. ती म्हणाली, "बाबा, गप बसा आता."

आणि मग ते खरंच आले. होडीपासून इथून आपल्या गोठ्यापर्यंत आहे तेवढं अंतर असेल. आधी एक राखाडी पाठ, मग दुसरी, मग तिच्या अंगाला अंग लावून एक लहान पिल्लू. दोरी ओढणारं कुणी नव्हतं, ट्यूब नव्हती. पिल्लू आईला सोडत नव्हतं, ती वर की ते वर, ती आत की ते आत. मी तोंड उघडं टाकून बघत बसलो. मोबाइल खिशातच राहिला. गाईडनं वहीत काहीतरी लिहून घेतलं, वेळ आणि किती होते ते, आम्ही डेअरीवर लिहितो तसंच. तिच्याबद्दल मला पहिल्यांदा बरं वाटलं ते ती वही बघून.

परतताना इंजिन हळू होतं. मी तिच्याजवळ जाऊन बसलो आणि विचारलं, "इथं मोठा मासा येतो का, देवमासा?" ती म्हणाली, "येतो काका, पण क्वचित. आमच्या बाबांनी बघितलाय, मी एकदाच जवळून बघितलाय." गिऱ्हाइकाला हो म्हणायला काय जातं. म्हणून मी युक्ती काढली. अगदी साधा चेहरा करून विचारलं, "त्याचं कान म्हशीसारखं असतं ना?" ती हसली नाही. म्हणाली, "नाही काका, त्याचे कान बाहेरून दिसतच नाहीत. तुम्हाला कुणीतरी चुकीचं सांगितलंय." आई, ती बाई पास झाली. आता तिचं म्हणणं मला मानावं लागणार होतं. मी तिला सांगितलं की माझ्या आईनं सत्तावीस वर्षांपूर्वी इथंच कुठंतरी बघितला होता. काळी पाठ सांगितली, बांधासारखी लांब. ती ऐकत होती, मान हलवत होती, असं तिला पुष्कळ लोक सांगत असणार. मग मी म्हटलं, "आणि म्हणायची, त्याच्या श्वासाला वास होता. सडका कोबी आणि सुकट."

तिनं दुर्बीण खाली ठेवली. "वास सांगितला त्यांनी?" मी हो म्हटलं. ती म्हणाली, "काका, मग त्यांनी बघितलाय. होडीच्या अगदी जवळ आला असणार. खोटं सांगणारी माणसं लांबी वाढवतात, उंची वाढवतात, वास कुणी सांगत नाही. मी बघितला त्या दिवशीचा माझा शर्ट आईनं दोनदा धुतला." तिनं भावाला हाक मारून सांगितलं, तोही वळून माझ्याकडं बघून हसला, थट्टेनं नाही, ओळख निघाल्यावर हसतात तसं. आणि लेक, तिला काहीच नवल वाटलं नाही. ती म्हणाली, "आजी मला कांद्याच्या चाळीत कांदे निवडताना सांगायची वासाचं. म्हणायची, तुझ्या बापाला सांगू नगं, त्यो परत मोजील." मी समुद्राकडं तोंड केलं. डोळ्यांत पाणी आलं ते वाऱ्यानं आलं म्हणून सांगितलं.

आई, मशीन नंतर येतं. कॅनचं झाकण उघडलं की आधी नाक. दूध आंबलंय का, धुराचं आहे का, गाईनं कांद्याची पात खाल्लीय का, हे मी वासावर सांगतो आणि आजवर एकानंही मला खोटं पाडलेलं नाही. साऱ्या गावाच्या दुधाला मी नाक लावलं आणि तू आणलेला वास तेवढा मला आला नाही. का आला नाही यावर परतीच्या वाटेवर पार दौंड येईपर्यंत विचार केला. लेकीला एका मैत्रिणीकडं सोडायचं होतं, म्हणून तिकडून वळसा होता. मला वाटतं, तू खोटी असावीस अशी माझी इच्छाच होती. त्या संध्याकाळी तुझ्या तोंडावर जे होतं ते तात्यांनी दिलेलं नव्हतं, मी दिलेलं नव्हतं, तू आमच्याशिवाय कुठंतरी जाऊन घेऊन आली होतीस. ते मला सहन झालं नाही. आणि कानाचं म्हणशील तर, लेक इतक्या आवडीनं विचारतोय म्हटल्यावर कुठल्या आईनं "नव्हतं" म्हटलं असतं? मी मागितलं म्हणून तू कान दिलेस.

गाडीत लेकीला मी शब्द दिला. डेअरीवर सगळ्यांदेखत सांगणार, आईचा मासा खरा होता. ती म्हणाली, "नक्की बाबा?" म्हटलं, नक्की.

दुसऱ्या दिवशी सकाळी रांग लागली होती. आप्पा आता ऐंशीच्या पुढं गेलेत, दूध नातू आणतो, तरी ते काठी टेकत येऊन ओट्यावर बसतात. त्यांनीच काढलं. "काय रं, समिंद्रावर गेला व्हतास म्हणं. आईचा मासा घावला का?" सगळे माझ्याकडं बघायला लागले. माझ्या हातात झाकण होतं. सांगायचं सगळं तयार होतं, वास, शर्ट, गाईड, सगळं. पण मला दिसलं की मी "व्हय" म्हणायचा अवकाश, ही सगळी तोंडं तयार आहेत, आणि उद्यापासून डेअरीवरचा तपासणारा माणूसच मासे सोडतो म्हणतील, मग माझ्या मशीनवर कोण विश्वास ठेवणार. मी म्हटलं, "कुठला मासा, आप्पा. पाणीच पाणी नुसतं." ते हसले, सगळेच हसले. मीही हसलो, आई.

हे मी कुणाला दाखवणार नाही. तुला वाचता येत नव्हतं, म्हणूनच एवढं लिहायला धजलो. संध्याकाळी लेकीचा फोन आला, पहिलाच प्रश्न, "सांगितलं का?" मी म्हटलं, सांगितलं. "काय म्हणाले?" म्हटलं, गप्प बसले सगळे, आप्पांनी मान खाली घातली. पलीकडं ती रडायला लागली. तिनं मला पुढं काहीच विचारलं नाही, लगेच खरं मानलं.