माझ्या नावाचं निवेदन

९ जून १९७४, ब्रनो, चेकोस्लोवाकिया
टीव्हीवर माझा सिनेमा लागला! पटकथा माझी, संवाद माझे, पण श्रेयनामावलीत मी नाही. दिग्दर्शकाच्या नावानंतर नुसता काळा पडदा. यित्का म्हणाली, "बाबा, निदान सिनेमा तरी दाखवला." अठरा वर्षांची पोर माझी समजूत घालते!

११ जून
लाँड्रीच्या बॉयलरवर दोन पाळ्या. पाठ धरली.

२१ जून
यित्काला मेडिकलला प्रवेश नाही. परीक्षेत दुसरी आली होती! तिच्या शाळेचे मुख्याध्यापक माझ्या बायकोला, मिलादाला, हळूच म्हणाले, "मुलीत काही कमी नाही हो. बाप तेवढा नडला." मिलादानं घरी येऊन हे जसंच्या तसं सांगितलं आणि बटाटे सोलत बसली.
सहा वर्षांपूर्वी सरकारला झोंबणारी एक कादंबरी लिहिली मी, भोगतेय पोरगी.

२५ जून
पक्षाच्या एका साहेबांनी कचेरीत बोलावलं. कॉफी दिली. माणूस गोड — हीच तर पंचाईत! "एक पान लिहा. कादंबरी ही चूक होती, एवढंच. पेपरात छापू. पोरीचं आम्ही बघतो." विचार करतो म्हटलं. "करा की! सोमवारपर्यंत."

२८ जून
बॉयलरवर लिबोरला विचारलं. पूर्वी इतिहास शिकवायचा, आता माझ्याबरोबर कोळसा ओढतो. म्हणाला, "मला मूल नाही रे. मी कुठल्या तोंडानं सांगू?"

२९ जून
लिहायला बसलो. "मी" एवढं लिहिलं. पुढे हात चालेना. चार तास! मिलादा दोनदा डोकावली.

१ जुलै
सोमवार. गेलो नाही. यित्काला सांगितलं. "ठीक आहे, बाबा." एवढंच. भांडली असती तर बरं झालं असतं.

६ जुलै
पेपरात माझं निवेदन! खाली माझी सही. मी लिहिलेलं नाही — पण प्रत्येक वाक्य माझ्याच वळणाचं.
मिलादा खिडकीशी उभी होती. वळली नाही. "वीस वर्षं तुझं लिखाण टाईप करतेय. सहीसुद्धा येते मला."
खोटं आहे म्हणून ओरडावं, तर तिला तुरुंग.