वायफायची नवी अक्कल

सोमवार, ४
साहेबांनी बोलावलं. शुक्रवारी मुख्य कार्यालयाशी व्हिडिओ मीटिंग आहे, मध्येच चित्र थिजायला नको, म्हणाले. नीट पार पडलं तर नेटवर्क-प्रमुखाची जागा माझी. म्हटलं, झालंच समजा. सगळ्या ॲक्सेस पॉइंट्सचं फर्मवेअर अपडेट करायचं ठरवलं.
घरी हिला समजावलं. ऑफिसात छताला वायफायच्या पांढऱ्या थाळ्या असतात ना, त्यांच्या आतली अक्कल म्हणजे फर्मवेअर. ती अक्कल बदलता येते हे ऐकून ही बराच वेळ माझ्याकडे बघत राहिली. कौतुकाने असावं.

मंगळवार, ५
सकाळी. आज थाळ्या बनवणाऱ्या कंपनीच्या सूचना पूर्ण वाचायच्या.
दुपारी. पहिल्याच पानावर, नवं फर्मवेअर कुठल्या मॉडेलला चालेल याचा तक्ता. असले तक्ते नवशिक्यांसाठी. वाचन थांबवलं. डोळे जपले पाहिजेत, पुढे प्रमुखाला लागणार आहेत.

बुधवार, ६
आधी एकीवर चाचणी, मग सगळ्यांवर. केवढी ही दूरदृष्टी. माझ्याच केबिनमधली थाळी घेतली. गेल्या वर्षी नवीन अशी ही एकच आली होती. कुठे लावायची याचा फार विचार करावा लागला नाही. अपडेट झालं, वायफाय सुसाट.
हिशेब विभागातल्या बाई म्हणाल्या, आमच्या थाळ्या जुन्या आहेत, त्यातल्या एखादीवरही बघा की. म्हटलं, शितावरून भाताची परीक्षा. तर म्हणतात, शीत त्याच भातातलं हवं. बाईंना स्वयंपाकातलं कळतं, नेटवर्कमधलं नाही.

गुरुवार, ७
ऑफिस सुटल्यावर उरलेल्या सगळ्यांना एकदम अपडेट लावलं. एकेक करत बसणं आपल्या स्वभावात नाही. पडद्यावर एकेक नाव लाल होत गेलं. रीस्टार्ट होत असतील. सकाळपर्यंत होतील हिरवी. वाटेत नवा शर्ट इस्त्रीला टाकला.

शुक्रवार, ८
सकाळी ९. अजून लाल. धीर धरावा.
९.३०. तो तक्ता पुन्हा उघडला. आमचं जुनं मॉडेल त्यात नाहीच. चूक कंपनीची. इतकी महत्त्वाची गोष्ट पहिल्या पानावर कोण छापतं?
१०. जुनं फर्मवेअर परत चढवायला संध्याकाळ होणार.
दुपारी. अख्ख्या ऑफिसात वायफाय फक्त माझ्या केबिनमध्ये. त्यामुळे मीटिंग तिथेच. साहेब माझ्या खुर्चीत, बाई आणि बाकीचे दाटीवाटीने. मी दाराबाहेर, कारण आत जागा उरली नव्हती. चित्र एकदाही थिजलं नाही. नंतर साहेब म्हणाले, "तुमचं नेटवर्क उत्तम आहे हो. फक्त ते तुमच्यापुरतंच आहे."
यातलं पहिलं वाक्य लक्षात ठेवायचं.

सोमवार, ११
जुन्या थाळ्या पूर्ववत चालू. जागेचं पुढच्या वर्षी बघू, असं साहेब म्हणाले. पुढचं वर्ष काही लांब नाही.
संध्याकाळी हिने बढतीचं विचारलं. म्हटलं, माझ्या कामावर साहेबांचा इतका विश्वास बसलाय की ते आता माझी केबिन सोडायलाच तयार नाहीत. स्वतःचं सामानसुद्धा आत हलवलं त्यांनी.
ती म्हणाली, "मग तुम्ही कुठे बसता?"
जिन्याखाली हवा छान खेळते, हे तिला उद्या सांगेन.