चारूच्या पोस्टरला हार

नाशिक, बुधवार, संकष्टी

आज आलेलं: मेलबर्नहून चारूचं पार्सल, ड्यूटी दोनशे दहा. दूर्वा दहा. झेंडूचा हार चाळीस, तोही ह्यांनी आणलेला!

पार्सलात तिच्या नाटकाचं पोस्टर. लेकीने तिकडच्या टीव्हीवर चार वर्षं नर्सचं काम केलं, दोन सिनेमांत तर मध्यंतराआधीच मेली. आता रंगमंचावर नायिका! पोस्टरवर एकटीचा चेहरा, वर मोठ्ठं नाव, आडनावासकट. ह्यांचंच ना ते आडनाव? आणि हे आजवर सगळ्यांना सांगत आले, चारू बँकेत आहे म्हणून.

ह्यांनी पोस्टर भिंतीला लावलं, बाहेर गेले, हार आणून घातला. जिवंत माणसाच्या फोटोला हार! बोलायला हवं होतं मी. पण ह्यांचे डोळे भरलेले.

तेवढ्यात शेजारच्या लताबाई विरजण मागायला आल्या. हार बघून दारातच रडू लागल्या. "अगं बाई, कधी झालं? बँकेत किती सुखात होती पोर!"

"वहिनी, रडताय काय? जिवंत आहे ती!" हे ओरडले. "आणि बँकेत नाही. नटी आहे माझी मुलगी, नटी!"

अख्ख्या जिन्याला ऐकू गेलं. गजाननाची कृपा!

हार काढून मी दाराला बांधला, वाया कशाला घालवायचा? हे चारूला पत्र लिहितायत, फोनवर रडू येतं म्हणून. शेवटची ओळ मी डोकावून वाचली: "पहिल्या रांगेत आमच्या दोन खुर्च्या ठेव. प्रयोग कधी, ते उलट टपाली कळव."