जागेवरचा दगड

३ तारीख, सोमवार

आले एकदाची! ही वही चिंगीची, माझ्या धाकट्या बहिणीची. मागची कोरी पानं फाडून देण्यापेक्षा तिने अख्खी वहीच देऊन टाकली. म्हणाली, ताई, तू बोलत तर नाहीसच, निदान लिही. सातवीत शाळा सुटल्यापासून हातात पेन्सिल धरली नव्हती, त्यामुळे अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय.

कारखाना तळ्याच्या काठावर आहे, होडीतून यावं लागतं. नावाडीकाका वाटभर बोलत होते, मी नुसती मान हलवत होते. असं असलं की मला बरं वाटतं. खोलीत आम्ही चौघी, आणि मला अख्खी खाट! घरी मी आणि चिंगी एका गादीवर. ती भिंतीकडे, मी दाराकडे, आणि तिच्या लाथा फुकट.

मुकादमीण मावशींनी पहिलाच प्रश्न विचारला, घरी आपल्या जागेवर दगड ठेवून आलीस ना? सगळ्या बायका माझ्याकडे बघायला लागल्या. मला ओ की ठो कळलं नाही. पण एवढ्या जणींसमोर विचारणार कसं? मी मान हलवली. मावशी म्हणाल्या, शहाणी आहेस.

५ तारीख, बुधवार

काम सोपं आहे. तळ्यात जागाभरे असतात. हा प्राणी रूप बदलतो तेव्हा जुनी कात लव्हाळ्यात टाकून जातो. आम्ही त्या काती वेचायच्या, टाकीत धुवायच्या, दोरीवर वाळवायच्या. पुढे त्यांचे रेनकोट शिवतात. कांद्याच्या सालीसारखी असते कात, हातावर घेतली तरी वजन लागत नाही. आज मला बदकाची मिळाली, पायाच्या पडद्यांसकट. एकीला पाच बोटांची मिळाली. तिने ती पटकन गुंडाळली.

इथे कुणीही उठलं की स्टुलावर दगड ठेवायचा, संडासला जातानासुद्धा. जागा रिकामी राहिली की जागाभऱ्या तिथल्या माणसाचं रूप घेऊन बसतो. स्वैपाकीणबाईंनी आपल्या दगडाला कोळशाने मिशा काढल्यात. माझ्या दगडाबद्दल सगळ्या म्हणतात, आमच्या घुमीपेक्षा हा जास्त बोलतो. मी पण हसले.

मग ध्यानात आलं. मावशी त्या दिवशी याच दगडाचं विचारत होत्या. उद्या खरं सांगून टाकते.

९ तारीख, रविवार

नाही सांगितलं. ओठांपर्यंत येतं आणि परत जातं. घरी मात्र गुरुवारीच पत्र टाकलं. माझ्या उशीवर एक दगड ठेवा, का ते नंतर सांगते.

तळ्यावर एक्केचाळीस बगळे आहेत. मंगळवारी वाऱ्यात एक भरकटला, तर दुपारी मोजले, पुन्हा एक्केचाळीस. आज खरा परत आला. बाकीच्यांनी त्याला टोचून टोचून हाकलला. मावशी म्हणाल्या, असंच होतं. जागाभऱ्याला मासे-बिसे लागत नाहीत, आपल्या माणसांत बसलं की त्याचं पोट भरतं. म्हणून तो खऱ्यापेक्षा जास्त लाघवी असतो, आणि कळप त्यालाच धरून ठेवतो.

मी धीर करून विचारलं, यांची पिल्लं कुठे असतात? म्हणाल्या, पिल्लू कधी कुणी बघितलेलं नाही.

तो बगळा दिवसभर लव्हाळ्यात एकटा उभा होता.

१४ तारीख, शुक्रवार

आईचं पत्र आलं. मला नाही, मावशींना. त्यांनी सगळ्यांसमोर मोठ्याने वाचलं.

आमची मुलगी सुखरूप घरी आली. न सांगता निघाली म्हणून रागावू नका. तुमच्याकडे राहून केवढी बोलकी झाली पोरगी! तुमच्यापैकी कुणीतरी तिच्या नावाने दगडाची गंमत लिहून पाठवलीत, आम्ही खूप हसलो.

मी तिथेच बसले होते, माझ्या स्टुलावर. मावशींनी माझा हात धरून विचारलं, दगड ठेवला होतास ना? मी मान हलवली. या वेळी खरी, नाही म्हणून.

मी स्टुलावर दगड ठेवला आणि नावाडीकाकांना शोधायला उठले.

१६ तारीख, रविवार

घरी जाऊन आले. ती माझ्या जागी बसून चिंगीची वेणी घालत होती. माझाच फ्रॉक. आईच्या हातातली परात पडली.

आईने दोघींना एकच विचारलं. लहानपणी जिन्यावरून पडलीस तेव्हा कुठे लागलं होतं? ती हसत आईच्या गळ्यात पडली आणि म्हणाली, गुडघ्याला गं. मला येत होतं. गुडघा. डावा गुडघा. चार टाके. आता लिहितेय, तेव्हा तोंडातून नाही आलं.

बाबांनी माझ्यावर काठी उचलली. मी गेले.

फक्त चिंगी माझ्या चपलेकडे बघत होती. अंगठा तिनेच शिवून दिलाय, लाल दोऱ्याने.

१८ तारीख, मंगळवार

कारखान्यात घेत नाहीत. मनगटाची साल निघतेय, कांद्यासारखी. मावशींनी बघितलं आणि तोंडाला पदर लावला. मग सांगितलं. ज्याची जागा जाते त्याचाच जागाभऱ्या होतो. पोरी, पिल्लं असतीलच कशी?

फाटकातून भाकरी दिली. चव लागली नाही. स्टुलावर माझा दगड तसाच आहे. तोही आत जाऊन उचलता येईना मला —

२१, शुक्रवार

लव्हाळ्यात. तो बगळा शेजारी उभा असतो. आम्ही दोघं. भूक आहे पण खायची नाही. दुसरीच —

२३, रविवार

चिंगी आली. होडीतून, एकटी, कुणाला न सांगता. ताई, ताई, अशा हाका मारतेय. मी ओ दिली. बगळ्यासारखा आवाज निघाला.

मावशींनी तिला विचारलं. दगड ठेवून आलीस ना? सगळ्या बघत होत्या.

तिने मान हलवली. लाजून. माझ्यासारखीच.

आता

गादीवर भिंतीकडची जागा रिकामी आहे. इथून कळतंय. ऊब येतेय तिकडून. आईचा हात — पोट नुसतं ओढतंय —

नाही जाणार. चिंगीची आहे ती.

बोटं लहान झालीत. पेन्सिल जड. हनुवटीवर हात लावला, तिच्यासारखी खळी —

पाय आपोआप चालतायत. वही वाटेवर ठेवते. चिंगी, मला शोधू नकोस. होडी धर, घरी जा, भिंतीकडे झोप, उठू नकोस. धाव गं. मी पोचायच्या आधी —