आबांचा नारळ

९ एप्रिल, सांगली
चॅनेलचे संपादक विश्वजीत साहेब म्हणतात, द्राक्षाचा बेदाणा कसा होतो ते सांगा, लोकांना आवडतं. पाणाड्याचा नारळ नको. आपले जाहिरातवाले सगळे बोअरवाले, आणि त्यांचा धंदा पाणाड्यांवर! पाच वर्षं या चॅनेलवर साबण, वीज, दव समजावून सांगतेय मी. आता पाणी बघणाऱ्याच्या तळहातावर आडवा ठेवलेला नारळ उभा का राहतो, ते सांगणार. हात नकळत कलतो म्हणून. जमिनीतलं पाणी त्याला उचलत नाही. सांगणार म्हणजे सांगणार!

१० एप्रिल
एवढा हट्ट कशासाठी? रेश्मासाठी. शाळेपासूनची माझी मैत्रीण, तासगावजवळ दिलेली. तिच्या सासरी बोअर कोरडी गेली. पाणाड्या म्हणाला, घरातली बाई पाळीत मळ्यात आली, म्हणून पाणी पळालं. तेव्हापासून सासरा तिला द्राक्षबागेत पाऊल टाकू देत नाही.

आणि तो पाणाड्या कोण? आबा. माझा सख्खा बाप!

११ एप्रिल
आईचा फोन. ‘बापाची अब्रू टीव्हीवर मांडतीस व्हय गं?’

हो. मांडते.

१४ एप्रिल
गावी गेले. आबांना तोंडावर सगळं सांगितलं. वाटलं, हाकलून देतील. ते पान लावत बसले, मग म्हणाले, ‘डोळं बांध माझं. नारळ त्याच जागी उभा ऱ्हायला, तर तुझा कार्येक्रम बंद.’

लागली पैज. मीही त्यांचीच लेक!

१७ एप्रिल
साहेबांना न सांगताच कॅमेरा नेला. उघड्या डोळ्यांनी नारळ उंबराजवळ उभा राहिला, झोकात. मग मी डोळे बांधले, आबांना गोल फिरवलं. आता तो उभा राहिला रस्त्याकडेला. पुन्हा फिरवलं — तर थेट सिमेंटच्या हौदापाशी! आबांनी स्वतःच फडकं सोडलं. हातातल्या नारळाकडे बघत राहिले, बराच वेळ. कॅमेरावाल्यानं मान वळवली.

जिंकले. घरी येऊन ढसाढसा रडले. साहेबांनी चित्रण पाहिलं आणि आता त्यांना हा भाग हवाच आहे. मला मात्र आबांचा तो चेहरा कापून टाकावासा वाटतोय.

१८ एप्रिल
आबांचा फोन. ‘काय बी कापू नगंस. रविवारी मी रेश्माच्या सासऱ्याकडं बसून बघनार हाय. आदी त्या पोरीला बागंत न्हेतो, मग टीव्ही लावतो.’