कार्टूनमधली म्हातारी आणि मागची खोली

मी, खाली सही करणारी, वय एक्याऐंशी, चौथी नापास, शिवणकामावर दोन मुलगे वाढवलेली, हे माझ्या हाताने लिहिते. कुणी दडपण आणलेलं नाही, आणून बघावं. डोकं ठिकाणावर आहे. गुडघे नाहीत, पण मृत्युपत्राला गुडघे लागत नाहीत.

थोरल्याची मुलगी, म्हणजे माझी नात, टीव्हीसाठी मोठ्या माणसांचं कार्टून काढते. त्यातली शिवराळ म्हातारी मी. फाईलवर बसून "फाईल सापडत नाही" म्हणणारा साहेब गेंडा म्हणजे तिचा बाप. हे कुणालाच कळलं नव्हतं. यानेच कचेरीच्या शिक्क्यानिशी वाहिनीला पत्र धाडलं, "तो गेंडा मी आहे, बदनामी थांबवा." आता शिपाईसुद्धा त्याला गेंडेसाहेब म्हणतो. तेव्हापासून बापलेकीचा अबोला. परवा मला तोंडावर म्हणाला, "आई, तू डोळे मिटलेस की तिचं टेबल रस्त्यावर." म्हणून हा कागद.

एक. मागची खोली, जिथे नात चित्रं काढते, ती नातीची. पुढच्या दोन थोरल्याच्या. मागे जायची वाट पुढूनच आहे, ती मोकळी ठेवावी. रोज एकमेकांची तोंडं दिसतील. ते मी नजरचुकीने लिहिलेलं नाही.

दोन. शिवणयंत्र धाकट्या सुनेला. विकेल, विकू दे. कात्री देऊ नये, तिला जीभ पुरते.

तीन. थोरल्याच्या सासूबाईंना काही नाही. लग्नात मी शिवलेलं पोलकं बघून म्हणाल्या होत्या, "कापड बरं, शिवण मेली." मला ऐकू आलं होतं.

चार. बँकेतलं किडूकमिडूक धाकट्याला. कधी फोन करत नाही, पण भांडतही नाही.

पाच. मी गेल्यावर कार्टूनमधल्या म्हातारीला मारू नये, ढगावर बसवू नये, मागे रडकं वाजवू नये. नातीला हे सांगितलं तर डोळे पुसत म्हणाली, "आजी, तू नसताना तुझी टिंगल नाही गं जमायची."

"बापाची जमते ती?"

पेन्सिलीला टोक काढायला लागली. म्हणून अट घालते: ज्या दिवशीच्या भागात म्हातारी गोड बोलेल, त्या दिवसापासून मागची खोली थोरल्याची. हे तपासायला त्याने दर आठवड्याला पूर्ण भाग बघावा, मधे उठू नये. बघताना हसू आलं तर हसावं. हसल्याने त्याचा हक्क जात नाही.

साक्षीदार: वरच्या मजल्यावरचा घड्याळजी (सही), दवाखान्यातली नर्स (सही). दोघांना यातलं काही मिळत नाही, म्हणूनच बोलावले.

सही: आजी, वर सांगितलेली
ठिकाण: पुढची खोली
बुधवार, बारा मार्च, थोरला कचेरीत असताना